तेव्हा राजीनामा दिला होता

महोदय,
मडगावचे आमदार दिगंबर कामत यांच्या राजकीय वाटचालीवरील आपला लेख वाचला. १९९४ पासून मडगावकर त्यांना निवडून देत आले आहेत, हे खरेच. पण लेखात त्यांची दोन्ही पक्षांतरे एकाच मापाने मोजली आहेत, ते पटले नाही.

२००५ मध्ये भाजप सोडताना त्यांनी आमदारकीचा राजीनामा दिला, पोटनिवडणूक लढवली आणि काँग्रेसतर्फे ते पुन्हा निवडून आले. गोव्यातील भाजपचे पर्रीकर सरकार त्यामुळे अडचणीत आले, ती गोष्ट वेगळी. मतदारांना निदान विचारले तरी गेले. १४ सप्टेंबर २०२२ रोजी कामत यांच्यासह काँग्रेसच्या ११ पैकी ८ आमदार भाजपमध्ये गेले, तेव्हा कोणीच राजीनामा दिला नाही. दोन तृतीयांश संख्या जुळली की राज्यघटनेच्या दहाव्या परिशिष्टातील, म्हणजे पक्षांतरबंदी कायद्यातील, विलीनीकरणाची तरतूद मदतीला येते आणि आमदारकी वाचते. निवडणुकीपूर्वी देऊळ, चर्च आणि दर्ग्यात घेतलेल्या पक्ष न सोडण्याच्या शपथेचे काय, असे विचारल्यावर देवाला विचारूनच निर्णय घेतल्याचे कामत यांनी सांगितले. देवाने कौल दिलाही असेल, मडगावात मतदान काही झाले नाही.

ही तरतूद रद्द करावी आणि पक्ष सोडणारा एकटा असो वा आठ जण, प्रत्येकाने २००५ प्रमाणे आधी राजीनामा द्यावा.

— एक मतदार, मडगाव