भावना हे बल असेल, तर ते मोजून दाखवा

महोदय,

आपल्या रविवारच्या पुरवणीतला भावनांच्या 'भौतिक शक्ती'वरचा लेख वाचला. प्रेम, राग आणि भीती ही गुरुत्वाकर्षणासारखीच बले आहेत आणि ती भिंतीपलीकडच्या वस्तूंवरही परिणाम करतात, असे त्यात ठामपणे म्हटले आहे. मोजमाप मात्र एकही दिलेले नाही. बल म्हटले की ते किती न्यूटन, अंतर दुप्पट केले तर किती उरते, कोणत्या उपकरणावर दिसते, हे सांगावेच लागते. गुरुत्वाकर्षण हा दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकातला पहिलाच धडा आहे. तिथे मुलांना जो हिशोब मांडावा लागतो, तो लेखकालाही चुकवता येणार नाही.

पुरावा म्हणून लेखात भाताच्या बरण्यांचा प्रयोग दिला आहे. जपानच्या मासारू इमोटो यांच्या नावाने तो जगभर पसरला आणि आपल्या शाळांतही पोचला. एका विज्ञान प्रदर्शनात मी तो जवळून पाहिला आहे. एका बरणीवर 'धन्यवाद', दुसरीवर 'मूर्ख' अशी चिठ्ठी. मुले पहिलीशी गोड बोलत, दुसरीवर ओरडत, आणि दुसरीतला भात बुरशीने काळा पडला होता. मी बरण्या हातात घेऊन पाहिल्या. 'मूर्ख' बरणीचे झाकण तिचे नव्हतेच. आटे बसत नसल्याने ते नुसते वर टेकवलेले होते. बुरशीचे बीजाणू हवेत सगळीकडे असतात. त्यांना ओल मिळाली की पुरे, शिवी कशाला लागते?

मुलांनी मनापासून मेहनत घेतली होती, त्यांना बोल लावायचा नाही. पण हा प्रयोग नीट कसा करायचा हे त्यांना कोणी तरी सांगायला हवे होते. एकाच कुकरमधला भात, उकळून कोरड्या केलेल्या एकसारख्या दहा-बारा बरण्या, एकाच फळीवर. कोणत्या बरणीवर ओरडायचे हे चिठ्ठ्या टाकून ठरवावे. शेवटी बुरशी किती आली हे पाहणाऱ्याला कोणती बरणी कुठली हे ठाऊक असता कामा नये. हा शेवटचा मुद्दा सर्वांत महत्त्वाचा, कारण आपल्याला जे दिसावेसे वाटते ते डोळे आधी शोधतात.

असा दावा करणारे इमोटो काही पहिले नव्हेत. फ्रॉइडचे एके काळचे शिष्य विल्हेल्म राइख यांचे म्हणणे होते की भावना म्हणजे शरीरात वाहणारी 'ऑर्गोन' नावाची खरीखुरी ऊर्जा. ती साठवायला त्यांनी धातू आणि लाकूड-लोकरीसारख्या पदार्थांचे थर दिलेल्या पेट्या बनवल्या. जानेवारी 1941 मध्ये ते प्रिन्स्टनला आइनस्टाइन यांना भेटले आणि पेटीच्या वर तापमान किंचित जास्त असते, तीच ऑर्गोनची खूण, असे सांगितले. आइनस्टाइन यांनी त्यांना हसण्यावारी नेले नाही. पेटी ठेवून घेतली, थर्मामीटर लावले आणि फरक खरोखरच दिसला. मग त्यांच्या एका सहायकाने छताकडच्या आणि जमिनीकडच्या हवेच्या तापमानाकडे लक्ष वेधले. तपासल्यावर कळले की टेबलाच्या वरची आणि खालची हवाच वेगवेगळ्या तापमानाची आहे. फरक पेटीमुळे नव्हता. आइनस्टाइन यांनी हे पत्राने कळवले. राइख यांनी लांबलचक उत्तर धाडले, पण मत बदलले नाही. पुढे न्यायालयाचा मनाई हुकूम मोडल्याबद्दल त्यांना शिक्षा झाली, 1956 मध्ये त्यांची पुस्तके जाळली गेली आणि 1957 मध्ये ते तुरुंगातच वारले. पुस्तके जाळणे मला मुळीच पटत नाही. त्या सिद्धांताचा निकाल थर्मामीटरने आधीच लावला होता.

भावनांचा शरीरावर परिणाम होतो, हे मला पूर्ण मान्य आहे. भीतीने अ‍ॅड्रेनलिन स्रवते, छाती धडधडते, तळहात घामेजतात. पण हे मज्जातंतू आणि रक्तातून, आपल्याच शरीरात घडते. दुसऱ्यापर्यंत आपले प्रेम पोचते ते बोलण्यातून, स्पर्शातून, वेळेवर केलेल्या मदतीतून. काचेच्या बरणीतल्या भाताला ना कान ना मज्जातंतू.

हे पत्र लिहिण्याचे खरे कारण वेगळेच आहे. आमच्या शेजारच्या ताईंची केमोथेरपी चालू होती. भेटायला येणारे त्यांना सांगत, "तुम्ही नकारात्मक विचार करता, म्हणून गाठ कमी होत नाही." आजाराचे दुखणे होतेच, वर त्याचा दोषही त्यांच्याच माथी. रात्री रडू आले तरी त्या घाबरत, आपल्या रडण्यानेच आजार वाढेल म्हणून. भावना हे बल आहे असे एकदा छापून आले की असे सल्ले देणाऱ्यांना विज्ञानाचा आधार मिळाल्यासारखे वाटते.

म्हणून विनंती, पुढच्या रविवारी त्याच जागी एखाद्या कर्करोगतज्ज्ञांचा लेख द्यावा आणि रडण्याने गाठ वाढत नाही, हे त्यांच्याकडून ठळक अक्षरांत छापावे.

– एक निवृत्त विज्ञान शिक्षिका, सांगली