खरेदी केंद्राची क्षमता नेमकी कशावरून ठरते?

महोदय,

कापूस खरेदी केंद्रांसमोरील रांगांच्या बातम्या दिवाळीनंतर दरवर्षी येतात आणि त्यांच्यामागोमाग ‘केंद्रे वाढवा’ ही मागणीही येते. जळगाव जिल्ह्यात जिनिंग-प्रेसिंगमध्ये, म्हणजे कापसातून रुई काढून गाठी बांधणाऱ्या कारखान्यात, सुपरवायझर म्हणून 27 हंगाम काढल्यामुळे मला ही मागणी अर्धवट वाटते. आहे त्या केंद्राला दिवसाकाठी किती माल झेपेल, हे हंगामाआधी कागदावर मांडलेच जात नाही.

हिशेब अवघड नाही. क्विंटलभर कापसातून साधारण 34 किलो रुई निघते आणि गाठ 170 किलोची असते, म्हणजे गाठीमागे 5 क्विंटल कापूस लागतो. समजा, केंद्र ज्या कारखान्यात आहे तिथे 24 रेचे (रुई आणि सरकी वेगळी करणारी यंत्रे) आहेत आणि प्रत्येक रेचा तासाला 50 किलो रुई काढतो, तर तासाला 7 गाठी आणि दोन पाळ्यांच्या 16 तासांत 560 क्विंटल कापूस, म्हणजे 20 क्विंटलच्या 28 ट्रॉल्या होतात. मात्र रोलर घासायला काढलेला एखादा रेचा आणि वीज गेलेला तास-अर्धा तास वजा केला की यातल्या दोन-तीन ट्रॉल्या सहज गळतात. केंद्रासाठीच्या अर्जात मात्र 24 रेचेच लिहिलेले असतात.

शिवाय कापूस लगेच जिनला लावावा लागत नाही, गंजी मारून ठेवता येतो. त्यामुळे सुरुवातीचे काही आठवडे अडचण रेच्यांची नसतेच, ती फाटकाच्या आत, ग्रेडरपाशी, म्हणजे मालाची प्रत तपासणाऱ्या माणसापाशी असते. तीन वर्षांपूर्वी पुतण्याचा कापूस घेऊन मी एका केंद्रावर गेलो, तेव्हा आमच्यापुढे 61 ट्रॉल्या उभ्या होत्या. वजनकाटे दोन, ग्रेडर एकच. ओलावा 8 टक्क्यांपर्यंत असेल तर पूर्ण भाव, त्यावर 12 टक्क्यांपर्यंत कपात आणि त्याहून अधिक असेल तर माल परत, त्यामुळे तो बिचारा प्रत्येक ट्रॉलीत चार ठिकाणी मॉइश्चर मीटर खुपसून पाहत होता आणि त्यात पंधरा-वीस मिनिटे जात होती. दुसऱ्या काट्यावरचा माणूस उन्हात पेपर वाचत बसला होता. तक्रारी झाल्यावर दुसऱ्या दिवशी केंद्राने दहा हमाल वाढवले! आम्ही दोन रात्री कापसावरच झोपून काढल्या आणि भाड्याच्या ट्रॅक्टरला उभे राहिल्याचेही पैसे मोजले.

पुढे गंज्यांनी आवार भरले, की आगीच्या भीतीने दोन गंज्यांत अंतर राखावे लागते आणि मग अडचण खरोखरच रेच्यांपाशी सरकते. तेव्हा ग्रेडर वाढवूनही उपयोग नसतो.

आता केंद्रावर कापूस आणण्याची तारीख ॲपवर मिळते, ही चांगली सोय आहे. पण रोजच्या तारखा किती द्यायच्या हे रेच्यांच्या संख्येवरून ठरवू नये. मागील आठवड्यात प्रत्यक्ष रिकाम्या झालेल्या ट्रॉल्या आणि आवारात उरलेली जागा, हे दोन आकडे बाजार समितीने दर सोमवारी केंद्राकडून मागवून फाटकावर लावावेत आणि तारखा त्यांवरूनच द्याव्यात, ही विनंती.

– एक निवृत्त जिनिंग सुपरवायझर, चोपडा