एसडीएस कशी फुटली

शिकागो

चि. सायली,
अनेक आशीर्वाद.

तुमच्या अभ्यास मंडळात अमेरिकेतल्या विद्यार्थी चळवळीवर बोलणार आहेस, तर फुटीचं कारण 'नेत्यांचा अहंकार' असं सांगून मोकळी होऊ नकोस. फूट पडली कशी, ते सांग.

स्टुडंट्स फॉर अ डेमोक्रॅटिक सोसायटी, म्हणजे एसडीएस, ही इथली डावी विद्यार्थी संघटना. १९६५ साली तिने कम्युनिस्टांना मज्जाव करणारं कलम घटनेतून काढलं. ते योग्यच होतं. पण सभासद बाहेरच्या पक्षाच्या आदेशाने मत देऊ लागले तर काय, याची तजवीज कोणी केली नाही. पुढच्याच वर्षी माओवादी प्रोग्रेसिव्ह लेबर पक्ष, म्हणजे पीएल, आत शिरला. शाखा सैल, बैठका लांबलचक. अशा ठिकाणी शिस्तीने एकगठ्ठा मत देणारा छोटा गटही भारी पडतो. त्याला तोंड देता देता राष्ट्रीय पदाधिकारीही तितकेच पोथीनिष्ठ झाले. मला हे सर्वांत घातक वाटतं, कारण वाद कोणत्या पोथीचा एवढ्यावरच आला आणि सामान्य सभासद बाजूला पडला.

जून १९६९, इथल्या कोलिसियम सभागृहात एसडीएसचं राष्ट्रीय अधिवेशन. पीएलच्या मते राष्ट्रवाद कृष्णवर्णीयांचा असला तरी प्रतिगामीच, त्यामुळे पदाधिकाऱ्यांना जवळच्या ब्लॅक पँथर या कृष्णवर्णीयांच्या लढाऊ संघटनेशी वैर. (आपल्या दलित पँथरने १९७२ मध्ये नाव घेतलं ते यांच्यावरूनच.) पँथरच्या वक्त्याने स्त्रियांबद्दल अश्लील शेरा मारला, तेव्हा सभागृहात पुरुषी वर्चस्वाविरुद्ध घोषणा घुमल्या. दुसऱ्या दिवशी पँथरनी पीएलविरुद्ध निर्वाणीचा इशारा वाचला. राष्ट्रीय पदाधिकारी बर्नार्डिन डोर्नने आपल्या लोकांसह सभात्याग केला. शेजारच्या दालनात त्यांनी आपापसांतच पीएलच्या हकालपट्टीचा निर्णय घेतला आणि परत येऊन तो जाहीर केला. भरल्या अधिवेशनात त्यावर मतदान झालंच नाही! सभासदांची यादी, मुखपत्र, कचेरी डोर्नच्या गटाकडे. पीएलने बोस्टनहून दुसरी एसडीएस चालवली.

काही महिन्यांतच जिंकलेलेही फुटले. त्यांतल्या वेदरमन गटाने ऑक्टोबरमध्ये शिकागोच्या रस्त्यांवर हजारोंना बोलावलं, आले काहीशे. पँथरच्या फ्रेड हॅम्प्टननेच त्यावर जाहीर टीका केली. १९७० च्या सुरुवातीला राष्ट्रीय कचेरी बंद.

एफबीआय १९६८ पासून या संघटना पोखरत होती, हे खरं. पण फट आधीच होती, म्हणून पाचर बसली.

४ मे १९७० ला ओहायोतल्या केंट स्टेट विद्यापीठात नॅशनल गार्ड या राखीव सैनिकी दलाच्या गोळीबारात चार विद्यार्थी गेले. शेकडो कॉलेजं संपावर गेली, लाखो मुलं बाहेर पडली. इतकी मुलं एसडीएसला कधीच मिळाली नव्हती, आणि त्यांना एकत्र बांधायला तिची राष्ट्रीय कचेरीही उरली नव्हती.

आई-बाबांना नमस्कार.

तुझा,
काका