मण्याचा हिशेबही छापा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

आपल्या रविवारच्या बालपुरवणीत तीन आठवड्यांपासून एका राज्याची गोष्ट येते आहे. डोंगरावरच्या देवळात एक मणी आहे. हजार वर्षांपासून तो घराघरात उजेड देतो, पिठाच्या गिरण्या फिरवतो आणि विहिरींचं पाणी आपोआप वर आणतो. त्याला काही घालावं लागत नाही आणि तो कधी थकत नाही. मी एकतीस वर्षं लाईनमन होतो, सगळी नोकरी जिंतूर तालुक्यातल्या खांबांवर गेली. आता बारीक अक्षर दिसत नाही, म्हणून सातवीतली नात मला पुरवणी वाचून दाखवते. तिसऱ्या भागात ती मध्येच थांबली आणि म्हणाली, “आबा, एवढा उजेड देतोय तर मणी तापत काहून नाही?”

हा प्रश्न तिला पडला याचा मला फार आनंद झाला. ती लहान असताना मी तिला डीपीच्या, म्हणजे गावाला वीज देणाऱ्या ट्रान्सफॉर्मरच्या, कुंपणाबाहेर उभं करून आतली घूं घूं ऐकवायचो. तो आवाज आणि आतल्या ऑईलला येणारी गरमी म्हणजे वाटेत सांडलेली वीज. त्रेसष्ट केव्हीएची डीपी पाच एचपीच्या तेरा-चौदा मोटारी ओढते. एका गव्हाच्या हंगामात आमच्याकडे तशाच एका डीपीवर पंचवीस मोटारी चालू होत्या. रात्री दोनला ऑईल उकळून बाहेर आलं आणि गाव नऊ दिवस अंधारात बसलं. ज्यांचा गहू वाळला त्यांचे चेहरे मला अजून आठवतात. जिथून काही निघतं तिथे ते आधी कुठून तरी आलेलं असतं, आणि वाटेत थोडं सांडतंच. हे मी पुस्तकात नंतर वाचलं, हाताला आधी कळलं होतं.

नातीला समजावं म्हणून मी स्टीलची घागर घेतली. दहा लिटर पाणी जमिनीवरून डोक्यापर्यंत, म्हणजे दीड मीटर उचलायला साधारण १४७ ज्यूल लागतात. मीटरवरचं एक युनिट म्हणजे ३६ लाख ज्यूल. तिने वहीत भागाकार केला. एका युनिटाला जवळपास साडेचोवीस हजार घागरी आल्या. तेवढ्या युनिटावर शंभर वॅटचे दहा बल्ब एक तास जळतात. ती बराच वेळ त्या आकड्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, “राजाच्या महालाला किती बाया लागतील मग?”

१९७२ च्या दुष्काळात माझी आई कोसभरावरून पाणी आणायची. दिवसाला आठ-दहा घागरी. नातीच्या या प्रश्नानंतर मला काही बोलता आलं नाही.

आपोआप चालणाऱ्या यंत्राचं स्वप्न वाईट आहे असं मी म्हणत नाही. भास्कराचार्यांनी ११५० मध्ये सिद्धान्तशिरोमणीत पाऱ्याने अर्ध्या भरलेल्या पोकळ आऱ्यांचं, स्वतःच फिरत राहणारं चाक सांगितलं आहे. आयटीआयला असताना मी सायकलच्या रिमला अर्ध्या भरलेल्या बाटल्या बांधून तसं करून बघितलं. ढकललं की चार-पाच फेरे घ्यायचं आणि थांबायचं. एका बाजूचं पाणी आसापासून लांब सरकलं की दुसऱ्या बाजूला जास्त बाटल्यांतलं पाणी जमायचं, दोन्हीकडचा जोर सारखा व्हायचा. पण ते का थांबलं हे शोधताना मी जे शिकलो, ते वर्गात शिकलो नव्हतो. आणि एवढं मोठं परळीचं औष्णिक केंद्र? कोळसा असून भागत नाही, बॉयलरला आणि वाफ थंड करायला पाणी लागतं. फेब्रुवारी २०१३ मध्ये पाणी नाही म्हणून ते बंद ठेवावं लागलं होतं. आमच्या भागातल्या पोरांनी हे डोळ्यांनी बघितलंय किंवा घरात ऐकलंय. त्यांच्या हातात फुकटचा मणी देताना लेखकाने थोडा विचार करावा.

मणी जादूचा असू द्या, काही हरकत नाही. पण तो काय खातो ते सांगा. त्याच्या देवळात रात्री जागतं कोण, तो विझला तर वर चढतं कोण, पावसात कुणाचा हात भाजतो, तेही गोष्टीत येऊ द्या. तीन भागांत राजा, राणी, प्रधान, पोपट, सगळ्यांना नावं आहेत. मण्याजवळ एकही माणूस नाही. मी या कामात दोन सोबती गमावले आहेत, म्हणून हे मनापासून लिहितो आहे.

नातीने त्या राज्याची गोष्ट आपल्या परीने पुन्हा लिहिली आहे. तिच्या राज्यात लोक दिवसा डोंगरावरच्या टाक्यात पाणी चढवतात, राजासुद्धा दोन घागरी नेतो. रात्री ते पाणी खाली येताना मणी पेटतो. शंभर घागरी चढवल्या तर सत्तर घागरींचा उजेड मिळतो, उरलेल्या तिसांची ऊब होते आणि थंडीत म्हातारी माणसं मण्याला टेकून बसतात. पैठणला जायकवाडीच्या पायथ्याशी खालचं पाणी परत वर चढवता येईल असा बारा मेगावॅटचा वीजनिर्मिती संच आहे, हे मी तिला सांगितलेलं नव्हतं. तिचं तिलाच सुचलं.

वहीचं ते पान सोबत जोडतो आहे. पुरवणीत जागा असेल तर जरूर छापावं. शुद्धलेखनाच्या चुका आपण सुधाराव्यात, हिशेब मात्र आहे तसाच ठेवावा.

आपला नम्र,
एक निवृत्त लाईनमन
ता. जिंतूर, जि. परभणी