आमच्या आठ पायऱ्यांच्या मिस्त्रींना

मिस्त्री, सप्रेम नमस्कार.

तुमचं नाव लिहीत नाही. "नाव नका टाकू ताई, उगा फोन वाजत बसतोय," असं तुम्हीच बजावलंय. वाईत ज्यांना कळायचं त्यांना कळेलच.

काल आईचा फोन आला. म्हणाली, "आज तीनदा अंगणात जाऊन आले. तुळशीला पाणी घातलं, मग पेपर आणला, मग ते मांजराचं पिल्लू बघायला." एवढंच बोलली. फोन ठेवला आणि मी इथे पुण्यात ओट्याशी उभी राहून रडले. कुकरच्या शिट्ट्या किती झाल्या तेही कळलं नाही.

अण्णांनी त्या पायऱ्या 1974 साली बांधून घेतल्या. पक्क्या विटेच्या, सहा-सहा इंचांच्या सात. पुढे कडा झिजल्या, विटांना लोणा लागला, म्हणून दोन वर्षांपूर्वी मीच हौसेने त्यावर ग्रॅनाइट बसवून घेतलं. हौस माझी, ते कबूल. पण ज्याचा रोजचा धंदा आहे त्याला कळू नये? त्याने प्रत्येक पायरीवर माल आणि दगड मिळून दोन इंच चढवले. मधल्या पायऱ्यांच्या उंचीला काही झालं नाही, पण अंगण आणि उंबरा होते तिथेच, म्हणून खालची झाली आठ इंचांची आणि वरची उरली चार. वर आरशासारखं पॉलिश. पन्नास वर्षं ज्या पायाला सहा इंचांची सवय, तो अंधारात काय करणार? आषाढात आई घसरली. मनगट मोडलं, सहा आठवडे प्लास्टर. त्या गृहस्थांना फोन केला तर म्हणाले, "आजींना म्हणावं, पाय पुसून चढत जा."

हे वाक्य मी अजून गिळू शकलेले नाही.

त्यांच्यानंतर आणखी दोघे झाले. एकाने फोटोवरूनच भाव पाठवला, दुसऱ्याने दारातूनच "सगळं पाडा, स्लॅब ओता" म्हणून सांगितलं. पण घरात राहणाऱ्या बाईला दोघांपैकी एकानेही एक शब्द विचारला नाही.

तुम्ही आलात आणि आधी हातोडीने टकटक करत सातही पायऱ्या वाजवून बघितल्या. चार पोकळ वाजल्या. एका फरशीच्या फटीत थापीचं टोक घातलं तर ती पापडासारखी उचलून आली, खाली विटेचा भुगा. "विटंला पानी प्यायची सवय असती ताई. पन बाहेर टाकायला वाट नको का? वरनं झाकून टाकलं, आत कुजली." मला दोन वर्षांत जे कोणी सांगितलं नाही ते दोन मिनिटांत समजलं.

पण हे पत्र त्यासाठी नाही. तुम्ही नंतर जे केलंत त्यासाठी आहे. मी आकडे लिहून घ्यायला वही उघडली, आणि तुम्ही वही सोडून आईकडे वळलात. "आज्जी, जरा खाली या बघू. चपला घालूनच या, रोजच्यासारखं." मग अंगणात उकिडवे बसलात, फुटक्या कौलाचे तुकडे एकावर एक रचलेत आणि त्यावर तिला पाय ठेवायला सांगितलंत. एक तुकडा वाढवला. "आता?" अजून एक. "आता?" तिने आधाराला तुमच्या डोक्यावर हात ठेवला होता, तुमच्या केसांतली सिमेंटची धूळ तिच्या तळव्याला लागली. माझी आई कुणाचा हात धरत नाही. डॉक्टरांचाही नाही. पाचव्या का सहाव्या तुकड्याला ती म्हणाली, "बास, इथवर जमतं." तुम्ही टेप लावलीत. सव्वापाच इंच.

साडेतीन फुटांच्या चढात सहाच्या सात पायऱ्या होत्या, त्या सव्वापाचच्या आठ केल्यात. पायऱ्या अंगणात फूटभर पुढे आल्या. मी जराशी कुरकुरले, तुम्ही ऐकून न ऐकल्यासारखं केलंत, बरं केलंत. दगडही पॉलिशचा नाही, टाकी लावलेला काळा. मी म्हटलं, खडबडीत दिसेल. तर म्हणालात, "गणपती घाटावर जाऊन बघा. पावसाळ्यात कृष्णामाई पायऱ्यांवर चढती, तरी बाया कळशी घेऊन उतरत हुत्या का न्हाई? तिथं काय पॉलिश हुतं?" ढोल्या गणपतीचं देऊळ रास्त्यांनी 1762 मध्ये बांधलं असं शाळेपासून घोकत आलेय. त्याच्यासमोरच्या पायऱ्यांना हात लावून बघायचं मात्र पन्नाशीत सुचलं, तेही तुम्ही सांगितल्यावर. टाकीचे घाव बोटांना अजून लागतात.

माणुसकी वगैरे मोठे शब्द वापरले तर तुम्ही हसाल. पण आपल्याकडे म्हाताऱ्या माणसाबद्दल सगळं त्याच्या मुलांना विचारतात. बँकेत, दवाखान्यात, दुकानात, आईसमोर उभं राहून मला विचारतात, "यांना साखर चालते का?" तुम्ही पायरी जिची, तिलाच विचारलीत. घराच्या कामात असं कुणी केलेलं मी तरी पाहिलं नव्हतं.

पावसात परवा व्हिडिओ कॉल केला होता. सगळ्या पायऱ्यांवरून पाणी अलगद बाहेरच्या बाजूला उतरत होतं, कुठेही थारोळं नाही. आईने कॅमेरा मुद्दाम खाली धरला होता, तिचा चेहरा दिसलाच नाही.

आणि हो, तुमची छोटी थापी आमच्याकडेच राहिली. मी म्हटलं, कुणाबरोबर तरी पाठवून देते, तर आई देत नाही. धुऊन, पुसून कोनाड्यात ठेवलीय. म्हणते, "त्याला स्वतः येऊ दे न्यायला. आणि येताना सांगून यायला सांग, पुरण घालायला वेळ लागतो."