आमच्या फुटबॉलच्या सरांना

सर,

सा. न. वि. वि.

हे पत्र हातात आणून देता आलं असतं. पण हंगाम संपल्यापासून जो तो विचारतोय, नवीन कोच आणून कॉलेजला मिळालं काय? विचारणारे चारचौघांत विचारतात, तर उत्तरही चारचौघांतच दिलेलं बरं. मॅच एकही जिंकलो नाही. कॉलेजा-कॉलेजांच्या झोनल स्पर्धेत पहिल्याच फेरीत घरी आलो, दिवाळीनंतरच्या स्थानिक स्पर्धांत एक बरोबरी पदरात पडली, बाकी सगळीकडे हार. लपवून उपयोग नाही, व्हॉट्सॲपवर निकाल आमच्या आधी घरी पोचतो.

रत्नागिरीत कबड्डीला माणूस कामधंदा सोडून उभा राहतो. फुटबॉल म्हणजे क्रिकेटचं पिच ओलं असलं की खेळायचा खेळ. तुम्ही आलात कोल्हापुरातून, जिथे तालमींचे फुटबॉल संघ आहेत आणि शाहू स्टेडियमवरच्या मॅचचं भांडण पेठेत आठवडाभर चालतं. तिथला माणूस आंबा घाट उतरून मानधनावर आमच्या सड्यावर, म्हणजे या कातळाच्या माळावर, कशाला टिकतोय, असंच आम्ही धरून चाललो होतो. पहिल्या दिवशी तुम्ही ‘मर्दांनो’ म्हणालात तेव्हा मागे दोघं-तिघं फिसकन हसलेही.

मग तुम्ही खिशातून टेप काढलीत. नियमाने गोल ७.३२ मीटर रुंद आणि २.४४ मीटर उंच हवा. आमचा दोन्हीकडून कमी भरला, आणि एका बाजूला कातळ वर आल्यामुळे आडवा बांबू तिरका. म्हणजे मी इतकी वर्षं लहान गोल राखत होतो आणि स्वतःला उंच समजत होतो! बांबू बदलले. जाळी कधी नव्हतीच. मासेमारी बंद असते त्या जून-जुलैत तुम्ही मिरकरवाड्यातून एक जुनं जाळं मागून आणलंत आणि आपल्याच एका पोराच्या वडिलांनी ते बसून सांधून दिलं. त्याचा वास गणपतीपर्यंत गेला नाही, पण ‘चेंडू आतून गेला की बाहेरून’ हा आमचा कायमचा वाद त्या दिवशी मिटला.

चिपळूणची मॅच तुम्हाला आठवत असेलच. थ्रो-इनवर गोल खाल्ला. त्यांचा फॉरवर्ड आमच्या सगळ्यांच्या मागे एकटा उभा, आणि आमची अख्खी डिफेन्स ‘ऑफसाइड’ म्हणून, म्हणजे बचावाच्या मागे उभं राहून पास घेतला म्हणून, हात वर करून रेफरीकडे बघतेय. थ्रो-इन, गोलकिक आणि कॉर्नर थेट आपल्याकडे आला तर ऑफसाइड नसतो, हे संघात कोणालाच ठाऊक नव्हतं. आधी कोणी सांगितलंच नव्हतं. त्या दिवशी शिव्या खायची सगळ्यांची तयारी होती. तुम्ही एसटीत खिडकीला डोकं टेकून झोपलात.

दुसऱ्या दिवशी कॅन्टीनच्या बाकावर आपले अकरा म्हणून काजूबिया आणि त्यांचे अकरा म्हणून चिंचोके मांडलेत. बचाव करणाऱ्यांतला शेवटून दुसरा खेळाडू कोण (त्याच्याही पलीकडे, गोलाच्या बाजूला उभ्या फॉरवर्डला पास आला की ऑफसाइड), हे प्रत्येकाला बोटाने दाखवायला लावलंत. मग माझी बी उचलून पुढे ठेवलीत आणि विचारलंत, कीपर बाहेर आला, मागे आपला एकच डिफेंडर उरला, त्या दोघांच्या मध्ये त्यांचा माणूस उभा आहे आणि त्याला मागून पास आला, तर काय? सगळे म्हणाले, ऑनसाइड, डिफेंडर आहे की मागे. तुम्ही मान हलवलीत. मागे एकच माणूस असेल तर तो शेवटचा झाला, शेवटून दुसरा नव्हे. चहा गार झाला तरी कोणी उठलं नाही. पुढच्या मॅचला एक फॉरवर्ड नेमका तसाच सापडला, लाइन्समनचा झेंडा वर गेला आणि आमच्या स्टॉपरने असा जल्लोष केला की बघणाऱ्याला वाटावं गोल मारला. ती मॅचही हरलो, ते सोडा.

सावंतवाडीहून परतताना तर बसमध्ये सगळे चिडीचूप. पलीकडे पत्रादेवी ओलांडली की गोवा, तिथल्या पोरांच्या पायात हा खेळ लहानपणापासून मुरलेला. त्यांच्या संघाने आम्हाला पळवून पळवून मारलं होतं. कणकवलीला चहाला उतरलो तेव्हा तुम्ही १९५२ चं हेलसिंकी ऑलिंपिक काढलंत. भारत युगोस्लाव्हियाकडून १०-१ ने हरला, आपले बरेचसे खेळाडू अनवाणी खेळले होते. कोच होते रहीमसाहेब, म्हणजे सय्यद अब्दुल रहीम. त्याच रहीमसाहेबांच्या हाताखाली १९५६ ला मेलबर्नमध्ये आपण उपांत्य फेरी गाठली आणि १९६२ ला जकार्तात दक्षिण कोरियाला २-१ ने हरवून एशियाडचं सुवर्ण आणलं. मी म्हटलं, सर, दहा वर्षं थांबायचं तर आम्हाला एफवायलाच नापास होत राहावं लागेल. तेव्हा कुठे लोक हसले आणि वडापाव मागवले गेले.

माझ्यापुरतं सांगायचं तर आभार पेंढ्याचे. जांभ्याच्या मैदानावर डाइव्ह मारणं म्हणजे काय, ते ज्याची कोपरं सोललीत त्यालाच कळतं. लाल माती जखमेत बसते, धुतली तरी निघत नाही, आणि आठवडाभर शर्टाची बाही चिकटते. म्हणून मी उभ्या उभ्या पाय घालून चेंडू अडवायचो आणि कोपऱ्यातला सोडून द्यायचो. आधीचे सर त्याला भित्रेपणा म्हणायचे. तुम्ही काहीच म्हणाला नाहीत. झोडणी उरकल्यावर कोणाकडून तरी पेंढा मिळवलात, गोणपाटात ठासून भरलात, सुतळीने तोंडं शिवलीत आणि पोती एकाला एक बांधून गोलासमोर अंथरलीत. आधी गुडघ्यावर बसून पडायचं, मग उकिडवं बसून, मग उभ्याने. ‘चेंडू आधी जमिनीला लाव, मग खांदा. कोपर कशाला पुढं करतोयस मर्दा?’ मांडी, कंबर, खांदा या क्रमाने अंग टेकलं की लागत नाही, हे शरीराला कळायला महिना गेला. मग एकेक पोतं काढत गेलात. शेवटचं कधी काढलंत ते मला समजलंही नाही. शेवटच्या स्पर्धेत उजव्या कोपऱ्यातली पेनल्टी मी पडून काढली. आईने कोपरं तपासली, काही नव्हतं.

निकालांबद्दल तुम्हाला ऑफिसात बोलावलं होतं, हे शिपाईमामांनी आम्हाला सांगितलं. तिथे तुम्ही पोरांचं एकही नाव घेतलं नाहीत, आणि निघताना दोन चेंडू आणि एक फर्स्ट एड बॉक्स मागितलात, हेही सांगितलं. चेंडू आले. बॉक्स अजून आलेला नाही.

शॉर्ट गोलकिकचं, म्हणजे आपल्या गोलासमोरून खेळ सुरू करताना चेंडू लांब न मारता जवळच्याच माणसाला देण्याचं, मात्र मला अजून पटलेलं नाही. २०१९ पासून गोलकिक पेनल्टी एरियाच्या, म्हणजे गोलासमोर आखलेल्या मोठ्या चौकटीच्या, बाहेर जायची गरज नाही, आतच आपल्या माणसाला देता येते, मान्य. पण नियम करणाऱ्यांनी आपला सडा पाहिलेला नाही. कातळावर चेंडू कधी उडेल आणि कधी घसरेल याचा नेम नसतो, आणि निम्मे गोल आपण तिथेच खाल्ले. तुम्ही म्हणता, आत्ता लांब मारून वाचशील, पण शिकणार कधी? मी म्हणतो, चांगल्या मैदानावर शिकू. यावर एकदा बसून भांडू, डिफेंडर पोरं तुमच्या बाजूने असतील हे धरूनच मी येईन.

पुढच्या वर्षी तुम्हाला बोलावतील की नाही, ते आमच्या हातात नाही. संघातल्या सगळ्यांनी सह्या करून अर्ज दिला आहे. तोवर पोती पावसात कुजायला नकोत, एफवायचा नवीन कीपर आता त्यांच्यावर पडायला शिकतोय. मे संपायच्या आत ती जिमखान्याच्या खोलीत टाकतो. खोलीची चावी तुमच्याकडेच राहिली आहे, तेवढी गावाला जाण्याआधी शिपाईमामांकडे देऊन ठेवा.

तुमचा,
कीपर