लाटणं घरंगळतं

फेअरबँक्स, अलास्का

ती. आई-बाबांस,
सा. न. वि. वि.

आई, परवा फोनवर तू विचारलंस, "आवाज का असा पडलाय?" मी सर्दीचं नाव सांगितलं. खरं ते असं, की आमच्या घराखालची जमीन खचतेय. ओट्यावर ठेवलेलं लाटणं आताशा आपोआप खिडकीकडे घरंगळतं. इथली जमीन हजारो वर्षं गोठलेली, तिच्या पोटात बर्फाच्या पाचरी आहेत. त्या वितळल्या की वरची माती बसते. मागची स्प्रूसची झाडं तर कुणी ढकलल्यासारखी तिरकी झालीत. घराला खालून जॅक लावून घेतलेत, तेव्हा काळजी करू नका.

जवळच फॉक्स नावाच्या गावी लष्कराच्या इंजिनिअरांनी १९६०च्या दशकात या गोठलेल्या जमिनीत बोगदा खोदला. आत पाऊल टाकताच कुजल्या चाऱ्यासारखा वास येतो. छतातून गवताची मुळं लोंबतात, हजारो वर्षांपूर्वीच्या गवताची! गोठलंय तोवर ते टिकतं. वितळलं की कुजतं, त्यातून कार्बन डायऑक्साइड आणि मिथेन हवेत जातात, हवा आणखी तापते, आणखी वितळतं. हे आठवलं की रात्री झोप लागत नाही.

माझ्याबरोबर काम करणाऱ्या एक बाई न्यूटॉक गावच्या, अलास्कातल्या मूळ रहिवासी युपिक समाजातल्या. जमीन वितळून नदीत ढासळते त्याला त्यांच्या भाषेत 'उस्तेक' म्हणतात. त्यांचं अख्खं गाव नदीपलीकडे मर्टार्विकला हलवावं लागलं. पहिली कुटुंबं २०१९मध्ये गेली. नवं घर उबदार आहे, भिंतींना बुरशी नाही. तरी त्या म्हणाल्या, "बेरी वेचायला निघाले की पाय जुन्या वाटेकडेच वळतात."

बाबा, तेव्हा तुम्ही आठवलात. उजनीचं पाणी खाली गेलं की तुम्ही आम्हाला पळसदेवला न्यायचात. भेगाळलेल्या गाळात उभं राहून दाखवायचात, इथे आपली ओसरी, इथे चिंच. मी आठवीत होते. चिडून म्हणाले होते, "चिखलात काय बघायचंय?" तुम्ही काही बोलला नाहीत. परत निघताना माझ्या चपलांचा गाळ तेवढा धुऊन दिलात.

बाबा, चुकलंच माझं.

मे महिन्यात येतेय. पाणी उतरलं असेल तर मला घेऊन चला. चिंचेपासून विहीर किती पावलांवर होती, ते या वेळी तुमच्याबरोबर चालून बघायचंय. आई, तूही चल. गुडघ्यांसाठी काठी मी आणते.

तुमची,
ताई